लाइव्ह चालू असताना: वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

या वेळी लाइव्ह करणारे, त्यांच्या चॅटवर नजर ठेवणारे आणि नुसते बघणारे अशा सगळ्यांकडून प्रश्न आले. बहुतेकांच्या मुळाशी एकच अडचण आहे. आधी चित्रित केलेल्या व्हिडिओतली चूक प्रसिद्ध करण्यापूर्वी कापता येते. लाइव्हमध्ये मात्र चूक कळेपर्यंत ती लोकांपर्यंत पोचलेली असते. त्यामुळे पुढच्या उत्तरांत ‘घडल्यावर काय’ यापेक्षा ‘आधी काय करून ठेवायचं’ यावर भर आहे.

प्रश्न: लाइव्ह प्रक्षेपण सुरू झालं तेव्हा देखरेखीचा प्रश्न नव्हता का? तो नेमका कधी उभा राहिला?

कॅमेरा कोणाच्याही हातात आला तेव्हा तो उभा राहिला. १९९१ मध्ये केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत कॉफीच्या भांड्यावर कॅमेरा लावला होता. भांड्यात कॉफी उरली आहे का, हे जागेवरून न उठता बघण्यासाठी. १९९३ मध्ये तेच चित्र वेबवर आलं. १९९५ मध्ये इंटरनेटवरून आवाज ऐकवणाऱ्या रिअलऑडिओवरून बेसबॉलचा सामना थेट ऐकवला गेला. या काळात प्रक्षेपण करणारी संस्था असायची, आणि काय दाखवायचं हे तीच ठरवायची.

२००७ मध्ये जस्टिन डॉट टीव्ही हे लाइव्हचं संकेतस्थळ आलं. संस्थापकांपैकी जस्टिन कान टोपीला कॅमेरा लावून दिवसरात्र आपलं आयुष्य दाखवत होता. खोडसाळ प्रेक्षकांनी खोटी तक्रार करून त्याच्या घरी पोलीस पाठवले, तेही सुरुवातीच्याच काळात. आज ज्याला ‘स्वॅटिंग’ म्हणतात तो प्रकार असा या माध्यमाच्या जन्मापासून सोबत आहे. त्याच वर्षी जस्टिन डॉट टीव्ही सर्वांसाठी खुलं झालं. त्यातला व्हिडिओ गेमचा विभाग २०११ मध्ये ‘ट्विच’ या नावानं वेगळा झाला आणि २०१४ मध्ये ॲमेझॉननं तो सुमारे ९७ कोटी डॉलरना घेतला.

तरीही तोवर लाइव्ह करायला संगणक, सॉफ्टवेअर आणि थोडी चिकाटी लागायची. हा खटाटोपच एक चाळणी होता. मार्च २०१५ मध्ये फोनवरून लाइव्ह करण्याचं पेरिस्कोप हे ॲप आलं, एप्रिल २०१६ मध्ये फेसबुक लाइव्ह सर्वांना मिळालं आणि ती चाळणी गेली. खिशातून फोन काढायचा, एक बटण दाबायचं, झालं. आमच्या मते खरा वळणबिंदू हाच.

एक गोष्ट सहसा लक्षात घेतली जात नाही. लाइव्ह चालवणं महाग आहे. तीनच प्रेक्षक असले तरी चित्र त्याच क्षणी तीन-चार वेगवेगळ्या दर्जांत रूपांतरित करावं लागतं. मायक्रोसॉफ्टचं मिक्सर हे लाइव्हचं संकेतस्थळ जुलै २०२० मध्ये आणि पेरिस्कोप मार्च २०२१ मध्ये बंद झालं. उरलेल्या मंचांवर असंख्य प्रक्षेपणं अशी चालतात की ती बघायला जवळजवळ कोणीच नसतं. प्रेक्षक नाहीत म्हणजे तक्रार करणारंही कोणी नाही. पुढच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर यातच आहे.

प्रश्न: एवढं मोठं तंत्रज्ञान हाताशी असताना हिंसेचं थेट प्रक्षेपण कंपन्यांना लगेच का थांबवता येत नाही? आणि एकदा काढलेला व्हिडिओ पुन्हा पुन्हा कसा येतो?

ही दोन वेगळी कामं आहेत. चालू प्रक्षेपण ओळखून तोडणं हे एक, आणि त्याच्या प्रती रोखणं हे दुसरं. पहिलं साधलं तरी दुसरं फसू शकतं.

१५ मार्च २०१९ ला न्यूझीलंडमधल्या क्राइस्टचर्च शहरात मशिदींवर झालेला हल्ला हल्लेखोरानं फेसबुकवर थेट दाखवला. ५१ माणसं गेली. फेसबुकनं नंतर दिलेले आकडे नीट वाचण्यासारखे आहेत. प्रक्षेपण १७ मिनिटांचं होतं. चालू असताना ते २०० हून कमी वेळा पाहिलं गेलं आणि तेवढ्यात एकाही प्रेक्षकानं तक्रार केली नाही. पहिली तक्रार आली ती सुरुवातीपासून २९ मिनिटांनी, म्हणजे प्रक्षेपण संपून १२ मिनिटं झाल्यावर. मूळ व्हिडिओ काढेपर्यंत साधारण ४,००० वेळा पाहिला गेला. पण पहिल्या २४ तासांत १५ लाख प्रती काढाव्या लागल्या. त्यांतल्या १२ लाखांहून जास्त प्रती चढवतानाच अडवल्या गेल्या.

यंत्रानं ते आपणहून का ओळखलं नाही? एक कारण असं की अशा दृश्यांचे नमुने, सुदैवानं, फार थोडे असतात आणि यंत्र नमुन्यांवरूनच शिकतं. दुसरं कारण म्हणजे बंदुकीच्या नळीमागून दिसणारं दृश्य गोळीबाराच्या व्हिडिओ गेममध्येही तसंच दिसतं, आणि असे खेळ लाखो लोक निरुपद्रवीपणे लाइव्ह खेळतात.

‘मग शंका आली की तोडा’ असं वाटणं साहजिक आहे. हिशेब करून बघा. समजा एखाद्या मंचावर दिवसाला १ लाख तासांचं प्रक्षेपण होतं आणि यंत्र दर ५ सेकंदांनी एक चित्र तपासतं. तासाला ७२० चित्रं, म्हणजे दिवसाला ७ कोटी २० लाख. यंत्र हजारात एकदाच चुकीची घंटा वाजवत असेल, तरी ७२,००० खोट्या घंटा. प्रत्येकीमागे माणसानं फक्त एक मिनिट दिलं तर १,२०० तास लागतात, आणि ते काम तिथल्या तिथे व्हायला हवं. म्हणून कोणत्या प्रक्षेपणाकडे आधी बघायचं याचा क्रम लावावा लागतो. खातं किती जुनं आहे, आधी कारवाई झाली आहे का, प्रेक्षक अचानक वाढताहेत का, चॅटमध्ये घबराट आहे का, बाहेरच्या कुठल्या संकेतस्थळावरून लोक लोंढ्यानं येताहेत का, हे बघून. यातली शेवटची खूण बहुमोल आहे.

प्रती ओळखण्यासाठी चित्राचा ठसा काढतात. फेसबुकनं २०१९ मध्ये सर्वांसाठी खुली केलेली पीडीक्यू ही पद्धत चित्र लहान करते, त्यातला उजेड-अंधाराचा ढोबळ आराखडा घेते आणि त्यातून २५६ बिटांचा, म्हणजे ० आणि १ अशा २५६ अंकांचा, ठसा बनवते. दोन ठशांत साधारण ३१ बिटांपर्यंत फरक असेल तर चित्र तेच मानतात. दर्जा कमी केला, आकार बदलला तरी ठसा टिकतो. पण चित्राभोवती मोठी चौकट लावली, पडद्यावर चाललेला व्हिडिओ दुसऱ्या फोननं तिरकस टिपला, वर मजकूर चिकटवला, की ठसा दूर सरकतो. क्राइस्टचर्चच्या व्हिडिओची अशी ८०० हून जास्त दिसायला वेगळी रूपं फेसबुकला सापडली. शेवटी आवाजाचे ठसेही वापरावे लागले.

ऑक्टोबर २०१९ मध्ये जर्मनीतल्या हाले शहरात झालेला हल्ला ट्विचवर चालू असताना अवघ्या पाच जणांनी पाहिला. पुढच्या अर्ध्या तासात तोच व्हिडिओ सुमारे २,२०० जणांनी पाहिला. मे २०२२ मध्ये अमेरिकेतल्या बफेलोत ट्विचनं हिंसा सुरू झाल्यापासून दोन मिनिटांच्या आत प्रक्षेपण तोडलं. हा वेग खरोखर चांगला होता. तरी कोणीतरी ते टिपलेलं होतं, आणि ते दुसऱ्या संकेतस्थळांवर पसरलंच.

याची दुसरी बाजूही आहे. जुलै २०१६ मध्ये मिनेसोटा राज्यात पोलिसाची गोळी लागलेल्या फिलँडो कॅस्टील यांच्या जोडीदारानं गाडीतूनच फेसबुक लाइव्ह सुरू केलं. तो व्हिडिओ काही काळ गायब झाला होता. कंपनीनं तांत्रिक बिघाड असं कारण दिलं आणि तो परत आणला. ‘रक्त दिसलं की तोडा’ हा नियम यंत्रात घातला असता तर हा पुरावा उरला नसता. तेव्हा प्रत्येक निर्णय घाईत आणि अपुऱ्या माहितीवर घ्यावा लागतो, हे मान्य करूनच कंपन्यांकडे जाब मागितला पाहिजे. आणि तो मागायलाच हवा.

प्रश्न: नव्या खात्याला लगेच लाइव्ह का करू देत नाहीत?

वरच्याच कारणासाठी. आजच खातं काढून आजच प्रक्षेपण करता आलं तर बंदीला अर्थ उरत नाही. यूट्यूबवर लाइव्ह पहिल्यांदा सुरू करताना फोन क्रमांकाची पडताळणी होते आणि २४ तासांपर्यंत थांबावं लागतं. फोनवरून करायचं तर किमान ५० सदस्य (सबस्क्रायबर) हवेत. फेसबुकनं जून २०२४ पासून ६० दिवस जुनं खातं आणि १०० अनुयायी अशी अट घातली. इन्स्टाग्रामनं २०२५ मध्ये १,००० अनुयायांची अट आणली. कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी नवं खातं काढणाऱ्यांची इथेच फजिती होते. किमान दोन आठवडे आधी खातं तयार ठेवा आणि खासगी लाइव्ह करून तपासा.

प्रश्न: मी आठवड्यातून दोनदा चित्रकलेचे वर्ग लाइव्ह घेते. मध्यंतरी अचानक दोन-अडीचशे अनोळखी खाती आली आणि चॅटमध्ये तीच तीच शिवी ओतत राहिली. मी एकेकाला ब्लॉक करत बसले, वर्गाचा विचका झाला. काय करायला हवं होतं?

एकेकाला ब्लॉक करत बसणं हाच त्यातला सापळा आहे. ती खाती माणसांची नसतात. एकच माणूस प्रोग्रॅम लावून ती चालवतो, प्रत्येक खातं एक-दोन संदेश टाकून मोकळं होतं. तुम्ही शंभर खाती अडवलीत तरी त्याचं काही बिघडत नाही. २०२१ च्या ऑगस्टमध्ये ट्विचवर अशा ‘हेट रेड’चा इतका सुळसुळाट झाला, की १ सप्टेंबरला अनेकांनी निषेध म्हणून दिवसभर प्रक्षेपणच केलं नाही. त्यानंतर तिथे फोन क्रमांक पडताळलेल्या खात्यांनाच बोलू देण्याची सोय आली. एका क्रमांकावर पाचच खाती जोडता येतात आणि त्यातलं एक अडवलं की बाकीचीही अडतात. प्रोग्रॅमवाल्याला हे महागात पडतं.

आधी दार लावा, मग झाडू घ्या. ट्विचवर यासाठी नोव्हेंबर २०२२ पासून ‘शील्ड मोड’ आहे. एक बटण दाबलं की तुम्ही आधी ठरवून ठेवलेली सगळी बंधनं एकदम लागू होतात. ‘आधी ठरवून’ हे महत्त्वाचं, कारण हल्ल्याच्या वेळी मेनू शोधत बसायला वेळ नसतो. त्यात फोन पडताळणी सक्तीची ठेवा, किमान आठवडाभर जुन्या अनुयायांनाच बोलता येईल असं करा आणि स्वयंचलित गाळणी सर्वांत कडक पायरीवर न्या. शील्ड मोड चालू असताना विशिष्ट शब्द लिहिणाऱ्या सगळ्यांना एका फटक्यात बाहेर काढता येतं. यूट्यूबवर असं एकच बटण नाही. तिथे चॅट ‘फक्त सदस्यांसाठी’ करा, किती जुना सदस्य हवा तो कालावधी भरा, ‘स्लो मोड’, म्हणजे एकाच व्यक्तीच्या दोन संदेशांतलं सक्तीचं अंतर, ६० सेकंदांवर न्या आणि शंकास्पद संदेश तपासणीसाठी रोखून ठेवण्याची सोय कायम चालू असू द्या. हे सगळं करूनही आवरलं नाही तर चॅट सरळ बंद करून वर्ग पुढे चालवा. विद्यार्थी चित्र शिकायला आलेत.

त्या वेळी कॅमेऱ्यासमोर हल्लेखोराचं नाव घेऊ नका, त्याला उत्तर देऊ नका, संदेश वाचून दाखवू नका. त्याला तुमच्या प्रतिक्रियेची फित हवी असते. ‘चॅट थोडा वेळ मर्यादित केलंय’ एवढंच सांगा. नंतर खात्यांची यादी आणि वेळ जोडून मंचाकडे एकत्रित तक्रार करा.

शब्दगाळणीविषयी थोडं सविस्तर, कारण मराठी चॅटमध्ये ती सर्वांत जास्त गळते. तयार गाळण्यांवर विसंबू नका, स्वतःची यादी करा. प्रत्येक शब्द देवनागरीत आणि रोमन लिपीत अशा दोन्ही रूपांत हवा. रोमनमध्ये ऱ्हस्व-दीर्घाचे सगळे पर्याय लिहावे लागतात, कारण ‘आ’साठी कोणी एक अक्षर लिहितो, कोणी दोन. मराठी शब्दाला प्रत्यय लागला की त्याचं सामान्यरूप होतं, म्हणून मूळ शब्दाबरोबर सामान्यरूपही टाका. ट्विचच्या यादीत शब्दाशेवटी तारांकन लावलं की पुढचे प्रत्यय आपोआप धरले जातात.

लिपीतली एक गंमतीची वाटणारी पण त्रासदायक गोष्ट म्हणजे ‘ॲ’. हे अक्षर एकाच संकेतानं लिहिता येतं, किंवा ‘अ’वर चंद्र देऊनही. डोळ्यांना एकच दिसतं, यंत्राला दोन वेगळे शब्द वाटतात. अर्ध्या ‘र’चंही तसंच. अक्षरांमध्ये न दिसणारा जोडचिन्हाचा संकेत घुसवूनही गाळणी चुकवतात. म्हणून हल्ल्यातला शब्द स्वतः टाइप करू नका, चॅटमधून उचलून यादीत चिकटवा.

उलट दिशेलाही जपा. आखूड शब्दाला दोन्ही बाजूंनी तारांकन लावलं तर निष्पाप शब्द अडकतात. १९९६ मध्ये एओएल या कंपनीच्या गाळणीनं इंग्लंडमधल्या स्कन्थॉर्प गावच्या लोकांना खातीच काढू दिली नव्हती, कारण गावाच्या नावाच्या पोटात एक शिवी होती. नवी यादी केली की जुन्या चॅटमधले दोनशे साधे संदेश त्यातून घालून बघा.

प्रश्न: प्रक्षेपणाला मुद्दाम विलंब द्यावा का? किती सेकंद?

आधी हे बघा, की विलंब मुळातच असतो. तुमच्या संगणकाकडून चित्र सहसा आरटीएमपी या पाठवण्याच्या पद्धतीनं मंचाकडे जातं, तिथे त्याचे वेगवेगळे दर्जे तयार होतात, मग ते एचएलएस पद्धतीनं तुकड्यातुकड्यांनी प्रेक्षकांकडे येतं. तुकडा ६ सेकंदांचा असेल आणि प्लेअरनं तीन तुकडे जमवल्यावर चित्र सुरू केलं, तर तिथेच १८ सेकंद गेले. कमी विलंबाच्या व्यवस्थेत हे तीन ते आठ सेकंदांवर येतं, वेबआरटीसी या व्हिडिओ कॉलसाठीच्या तंत्रावर एका सेकंदाच्या आत. चॅट मात्र जवळजवळ तत्काळ पोचतं. म्हणून ‘आत्ता काय म्हणालात?’ हा संदेश वीस सेकंदांपूर्वीच्या वाक्याबद्दल असू शकतो.

मुद्दाम विलंब हवा असेल तर ओबीएस या लाइव्ह करण्याच्या सॉफ्टवेअरमध्ये ‘सेटिंग्ज’च्या ‘ॲडव्हान्स्ड’ भागात ‘स्ट्रीम डिले’ आहे. मेमरी फार लागत नाही: ६,००० केबीपीएस बिटरेटला २० सेकंदांसाठी सुमारे १५ एमबी. वर्ग, गप्पा, प्रश्नोत्तरं यांना विलंब देऊ नका, संवाद मरतो. रस्त्यावरून लाइव्ह करणाऱ्यांनी १५ ते ३० सेकंद ठेवावेत. स्पर्धात्मक खेळ खेळणारे प्रतिस्पर्ध्यानं पडदा बघून डाव ओळखू नये म्हणून मिनिटभर किंवा जास्त ठेवतात.

आता जिथे बहुतेक जण चुकतात ते. पडद्यावर पत्ता किंवा पासवर्ड दिसला, तुम्ही घाबरून दृश्य बदललंत. पण मधले २० सेकंद आधीच रांगेत आहेत, ते जाणारच. साधं ‘थांबवा’ दाबलं तरी ओबीएस रांगेतलं सगळं पाठवूनच थांबतं. यासाठी ‘विलंबातलं टाकून देऊन थांबवा’ अशी वेगळी आज्ञा आहे. तिला हॉटकी-सेटिंग्जमध्ये एक कळ नेमून द्या आणि दोनदा सराव करा. दूरचित्रवाणीवरचा काही सेकंदांचा विलंब उपयोगी पडतो तो बटणावर बोट ठेवून माणूस बसलेला असतो म्हणून. बटणावर कोणी नसेल तर विलंबाचा देखरेखीसाठी काहीच फायदा नाही.

पडदा दाखवताना पूर्ण डेस्कटॉप न देता एकच खिडकी द्या, सूचना बंद ठेवा. चुका होण्याआधीच टळतात.

प्रश्न: पार्श्वसंगीतामुळे माझ्या जुन्या प्रक्षेपणाचा आवाज गेला. दाद कशी मागायची?

लाइव्ह आणि नंतर राहणारी फित यांची तपासणी वेगळी होते. ट्विच २०१४ पासून साठवलेल्या फिती तपासून त्यातले भाग मूक करतं. ऑक्टोबर २०२० मध्ये तर हक्कधारकांच्या तक्रारींनंतर अनेकांच्या फिती सरसकट पुसल्या गेल्या. यूट्यूब लाइव्ह चालू असतानाही तपासतं. जुळणी झाली तर चित्राऐवजी स्थिर पाटी येते, संगीत तरीही थांबवलं नाही तर प्रक्षेपण तोडलं जातं.

ट्विचसाठी ओबीएसमध्ये चांगली सोय आहे. ‘आउटपुट’च्या प्रगत भागात ‘ट्विच व्हीओडी ट्रॅक’ला (व्हीओडी म्हणजे साठवलेली फित) २ क्रमांक द्या आणि आवाजाच्या प्रगत गुणधर्मांत संगीताच्या रांगेतली २ ची खूण काढा. मग लाइव्हमध्ये संगीत ऐकू येतं, फितीत फक्त तुमचा आवाज राहतो. एवढं लक्षात असू द्या, की यानं फित वाचते, परवाना मिळत नाही.

यूट्यूबवरच्या ‘कंटेंट आयडी’ या आपोआप जुळणी शोधणाऱ्या यंत्रणेतून आलेल्या दाव्याला हरकत घेतली की दावेदाराला उत्तर द्यायला ३० दिवस असतात. त्यानं नाकारलं आणि तुम्ही अपील केलंत तर ७ दिवस. पण हक्कधारकानं औपचारिक नोटीस दिली तर स्ट्राइक, म्हणजे नियमभंगाचा ठपका, येतो, तो ९० दिवस राहतो आणि तीन स्ट्राइकना चॅनेल जाऊ शकतं. हरकतीत ‘मी कमाई केलेली नाही’ किंवा ‘श्रेय दिलंय’ लिहून उपयोग नाही. परवान्याची पावती किंवा परवानगीचं पत्र, नेमकी मिनिटं-सेकंदं आणि वापराचा आधार लिहा. हे दाखवायला मूळ ध्वनिचित्रमुद्रण हाताशी लागतं, म्हणून दर वेळी संगणकावरही मुद्रण चालू ठेवा. एमकेव्ही प्रकारात ठेवा, वीज गेली तरी तोवरची फित वाचते. एमपी४ अर्धवट राहिली तर बहुधा उघडतच नाही.

युरोपीय संघात डिजिटल सेवा कायद्यानं, जो फेब्रुवारी २०२४ पासून पूर्णपणे लागू आहे, मजकूर काढताना कारण सांगणं आणि सहा महिने तक्रारीची सोय देणं मंचांवर बंधनकारक केलं आहे. कारणांचं पत्र आलं असेल तर ते जपून ठेवा. त्यात कोणत्या कलमाखाली कारवाई झाली ते असतं, आणि अपील त्याच कलमाला धरून लिहावं.

प्रश्न: माझ्या पंधरा वर्षांच्या मुलीला लाइव्ह करायचंय. करू द्यावं का?

मंचाचा नियम आधी बघा. टिकटॉकवर २३ नोव्हेंबर २०२२ पासून लाइव्हसाठी १८ वर्षं पूर्ण लागतात. यूट्यूबनं २२ जुलै २०२५ पासून ही मर्यादा १३ वरून १६ केली, त्याखाली मोठं माणूस सोबत दिसायला हवं. इन्स्टाग्रामवर १६ च्या आतल्यांना पालकांची परवानगी लागते. वय खोटं लिहून काढलेलं खातं नको, कारण मग मुलांसाठीची संरक्षणं आपोआप बंद पडतात.

परवानगी द्यायची तर पहिले काही महिने त्याच खोलीत बसा आणि मॉडरेटर, म्हणजे चॅटवर देखरेख करणारे, तुम्हीच व्हा. प्रेक्षक ॲपमधून पाठवतात त्या भेटवस्तू आणि नाणी घेणं बंद, अनोळखी व्यक्तींचे खासगी संदेश बंद, फोनचं स्थान बंद. गणवेश, खिडकीबाहेरचं दृश्य, शाळेचं नाव पडद्यावर नको. धोका शिवीगाळीतून क्वचित येतो, गोड बोलण्यातून जास्त. ‘उभी राहून दाखव’, ‘हे केलंस तर नाणी देतो’ अशी छोटी आव्हानं, मग ‘इथे गर्दी आहे, दुसऱ्या ॲपवर बोलू’. ही पायरी आली की संवाद तिथेच तोडायचा आणि खातं कळवायचं, हे मुलीला आधीच स्पष्ट सांगा. आणि असं कोणी बोललं तर ओरडा मिळणार नाही, हेही सांगा. नाहीतर ती ते लपवेल.

प्रश्न: चॅटमध्ये कोणी ‘मला जगायचं नाही’ असं लिहिलं तर मॉडरेटरनं काय करावं?

त्या व्यक्तीला बाहेर काढू नका, संदेश गाळणीत अडकला असेल तरी व्यक्तीकडे दुर्लक्ष करू नका. एका मॉडरेटरनं ताबडतोब खासगीत बोलावं: ‘तुम्ही आत्ता सुरक्षित आहात का? जवळ कोणी आहे का?’ थेट विचारल्यानं विचार बळावत नाही. उपदेश, वाद, ‘असं बोलू नये’ हे टाळा. त्या व्यक्तीच्या भागातल्या हेल्पलाइनचा क्रमांक द्या. त्यासाठी तुमचे प्रेक्षक जिथून येतात तिथल्या क्रमांकांची यादी आधीच करून ठेवा. त्याच वेळी दुसऱ्यानं मंचाच्या तक्रार खिडकीतला ‘स्वतःला इजा’ हा पर्याय वापरून कळवावं. हे शिक्षेसाठी नसतं. अनेक मंच अशा वेळी तिथल्या आपत्कालीन यंत्रणेला कळवू शकतात.

तिसरं काम चॅट सांभाळण्याचं. २००८ मध्ये जस्टिन डॉट टीव्हीवर एका तरुणानं कॅमेऱ्यासमोर जीव दिला, तेव्हा काही प्रेक्षक त्याला उचकवत होते. उचकवणाऱ्याला इशारा न देता काढा. मार्ग, साधन यांची चर्चा दिसली की पुसा. लाइव्ह करणाऱ्यानं नाव घेऊन जाहीर आवाहन करू नये, सगळ्यांचे डोळे त्या व्यक्तीवर खिळले तर तिची कोंडी होते.

प्रश्न: आमच्या वाद्यवादनाच्या चॅनेलला किती स्वयंसेवक मॉडरेटर लागतील?

संदेश सेकंदाला एकाहून जास्त वेगानं येऊ लागले की एक माणूस सगळं वाचू शकत नाही, हा आमचा अनुभवी अंदाज. तिथून दोन घ्या आणि कामं वाटा: एकाची नजर चॅटवर, दुसऱ्याची चित्रावर. एका जणाला सलग दीड तासाहून जास्त बसवू नका. लेखी नियम एका पानाचे असावेत आणि पहिल्या चुकीला टाइमआउट, म्हणजे थोडा वेळ बोलायला मनाई, बंदी नव्हे. ट्विचवर टाइमआउट मुळात दहा मिनिटांचा असतो आणि बहुतेक डोकी तेवढ्यात थंड होतात. प्रत्येक मॉडरेटरच्या खात्याला दोन टप्प्यांची पडताळणी सक्तीची करा. एकाचं खातं चोरलं गेलं तर चोराच्या हातात तुमच्या चॅटच्या किल्ल्या जातात.

मनावरचा ताण हलका समजू नका. घातक दृश्यं तपासणाऱ्या ११,२५० लोकांच्या दाव्यात फेसबुकनं मे २०२० मध्ये ५ कोटी २० लाख डॉलर द्यायचं मान्य केलं. तुमच्या चॅनेलवर तसं काही येणार नाही अशी आशा आहे, पण संशयास्पद दुवा तपासावाच लागला तर चित्र लहान, रंगाविना आणि आवाज बंद ठेवून बघा. एकट्यानं बघू नका. वाईट अनुभवानंतरचं पुढचं प्रक्षेपण त्या माणसाला सुट्टी द्या, त्यानं मागितली नसली तरी.

प्रश्न: माझ्या खासगी लाइव्हचं कोणीतरी मुद्रण केलं आणि आता ते फिरवण्याची धमकी देतो आहे. काय करू?

पैसे देऊ नका, एकदा दिले की मागणी वाढते. बोलणं थांबवा, पण खातं ब्लॉक करण्याआधी धमकीचं पडदाचित्र (स्क्रीनशॉट), खात्याचा पूर्ण दुवा आणि तारीख-वेळ जतन करा. ब्लॉक केल्यावर काही ॲपमध्ये संभाषण दिसेनासं होतं. मग मंचाकडे आणि पोलिसांकडे तक्रार करा.

चित्रण नग्न किंवा लैंगिक स्वरूपाचं असेल आणि तुमचं वय त्यात १८ च्या वर असेल, तर ‘स्टॉपएनसीआयआय’ ही मोफत सेवा आहे. ती तुमच्याच फोनवर चित्राचा ठसा तयार करते. चित्र फोनबाहेर जात नाही, फक्त ठसा सहभागी मंचांकडे जातो आणि जुळणारी फित तिथे अडवली जाते. १८ च्या आतल्यांसाठी ‘टेक इट डाउन’ ही तशीच सेवा आहे. सहभागी नसलेल्या मंचांवर आणि कूटबद्ध संदेशांत याचा उपयोग होत नाही, आणि फितीत बदल केला तर ठसा चुकू शकतो. म्हणून तुमच्याकडे जेवढी रूपं आहेत, जसं की पूर्ण फित, कापलेला भाग, पडदाचित्रं, त्या प्रत्येकाचा वेगळा ठसा काढा.

चित्रणात १८ च्या आतली व्यक्ती असेल तर पुरावा म्हणूनही ती फित उतरवून घेऊ नका, कोणाला पाठवू नका. दुवा, खात्याचं नाव आणि वेळ कागदावर लिहा आणि तेवढंच तक्रारीत द्या.